गावात कोणी खवले मांजराचे खवले विकत असल्याचं कळलं तर तक्रार करावी का? कोर्टाच्या चकरा लागतात का?

करा. 1926 हा वनखात्याचा नंबर, फोन लावा नि मोकळे व्हा. चकरा पंचाला लागतात, म्हणजे माल जप्त होताना साक्षीदार म्हणून सही करणाऱ्याला. मला लागल्यात, म्हणून सांगतो.

2014 चा पावसाळा, रत्नागिरी जिल्हा. रात्री साडेदहाला वनखात्याचं बोलावणं आलं. सरकारी नोकर म्हणून मी पंच, आणि स्कूटरवर मागे बसून आला म्हणून माझा साडू दुसरा पंच. एका पडवीत ज्यूटची भिजलेली गोणी. हलवली की सुपात वाल पाखडल्यासारखा आवाज. मासळीवाल्याच्या काट्यावर गोणीसकट वजन केलं, 4 किलो 200 ग्रॅम. मी म्हटलं, गोणी वेगळी मोजा. "साहेब, पाऊस वाढतोय, सही करा." केली. ती माझी चूक, आजही मान्य करतो.

साक्ष निघाली 2019 ला. कोर्टात मुद्देमाल भरला 3 किलो 600. आरोपीचे वकील शांतपणे म्हणाले, "सहाशे ग्रॅम खवले कोणी खाल्ले?" मी सांगितलं, ते गोणीचं वजन. "पंचनाम्यात गोणी दाखवा." नव्हतीच. मग साडू उभा राहिला आणि सरळ फितूर झाला: वाचून न दाखवता सही घेतली म्हणे. आरोपी सुटले.

खवले मांजर वन्यजीव संरक्षण कायद्याच्या अनुसूची 1 मध्ये, म्हणजे सर्वात जास्त संरक्षण असलेल्या प्राण्यांच्या यादीत आहे, शिक्षा तीन ते सात वर्षं. माल ताब्यात सापडला की तो कायदेशीर आहे हे आरोपीनेच सिद्ध करायचं, असं त्याच कायद्याचं कलम 57 सांगतं. पण ताबा आधी सिद्ध व्हायला हवा ना! तो पंचनाम्यात असतो, आणि आमचा पावसात भिजत लिहिलेला. कायदे कडक करा म्हणून ओरडणाऱ्यांनी आधी वनरक्षकाला धड काटा आणि लाखेचं सील द्यावं.

साडूचं म्हणणं, मी खोटं बोललो नाही. वाचून दाखवलं नव्हतं, हे खरंच. पण खवले डोळ्यांनी बघितलेस ना, तेवढं सांगायला काय झालं होतं? पंच झालात तर माल तुमच्यासमोर मोजून घ्या, सीलच्या चिठ्ठीवर सही करा, आणि पाच वर्षांनी जे पाहिलं ते बोला.

सगळीकडे असंच होतं असं नाही हं. मेळघाटात 2013 च्या वाघांच्या शिकारीत मोबाइलच्या नोंदींवरून माग काढला, शिक्षाही झाल्या.

गेल्या गणपतीत आमचा हा विषय पुन्हा निघाला. बायकोने आरतीचं तबक मध्ये धरलं म्हणून थांबलो.