एकदाच घेतलेला डिजिटल गेम पुण्यातल्या आणि चिपळूणच्या दोन पीएस५ वर दोघा भावांना एकाच वेळी खेळता येईल का?

येईल. एकच गेम, एकाच वेळी, अगदी एकमेकांविरुद्ध ऑनलाइनसुद्धा. मी आणि माझा भाचा बरीच वर्षं असेच खेळतोय, आधी पीएस४ वर आणि आता पीएस५ वर, म्हणजे सोनीच्या प्लेस्टेशन ४ आणि ५ या गेमच्या मशीनवर. पण तुम्हाला यूट्यूबवर जे सांगितलं गेलंय, की ‘दोघांनी एकमेकांची अकाउंट अदलाबदल करून टाका’, ते तुमच्या बाबतीत मी करणार नाही.

तुमच्या प्रश्नातली परिस्थिती अशी: दोन्ही मशीन डिजिटल एडिशन, म्हणजे डिस्कचा मार्गच बंद. तुमच्या पुण्याच्या घरी फायबर आहे, धाकट्या भावाकडे चिपळूणला पावसाळ्यात नेटचा भरवसा नाही. आणि तुम्ही जाता जाता लिहिलंय की पुण्याच्या मशीनवर तुमची नऊ वर्षांची मुलगीही स्वतःच्या प्रोफाइलवरून खेळते. खरी मेख या शेवटच्या वाक्यात आहे, तिच्याकडे येतोच.

आधी हे चालतं कसं ते बघा. गेमचा सातबारा मशीनच्या नव्हे, अकाउंटच्या नावावर असतो. तो गेम दोन प्रकारे उघडतो. एक, ज्या अकाउंटने घेतला ते अकाउंट स्वतः लॉगिन करून, मग पीएस५ कुठलाही असो. पण तिथे नेट चालू लागतं, कारण परवाना दर वेळी सर्व्हरला विचारला जातो. दोन, ज्या एका पीएस५ वर त्या अकाउंटचं ‘कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले’ चालू आहे, त्या मशीनवर कोणीही, कुठल्याही प्रोफाइलवरून, नेट नसलं तरी. एका अकाउंटला अशी सोय एकाच पीएस५ वर मिळते. उलट बाजूने मात्र तसं बंधन नाही: एका पीएस५ वर दोन-तीन अकाउंटचं शेअरिंग चालू ठेवता येतं. हे दुसरं वाक्य बहुतेक व्हिडिओंमध्ये गाळलेलं असतं, आणि तुमचं उत्तर त्यातच आहे.

आता अदलाबदल केली तर काय होईल? तुमच्या अकाउंटचं शेअरिंग चिपळूणला, भावाच्या अकाउंटचं पुण्याला. तुम्ही घेतलेले गेम चिपळूणला नेटशिवाय चालतील, छान. पण भावाने स्वतःच्या पैशाने घेतलेला गेम त्याच्याच घरी नेट असेपर्यंतच चालेल. जुलैत कुठेतरी झाड पडून केबल तुटली की त्याच्या गेमवर कुलूप, आणि तोच गेम तुम्ही पुण्यात आरामात खेळताय. भाऊबंदकी याहून क्षुल्लक कारणांवरून झालेली आहे.

म्हणून माझा सल्ला: दोघांच्याही अकाउंटचं शेअरिंग चिपळूणच्या मशीनवर ठेवा, आणि इथून पुढे दोघांना हवे असलेले गेम तुमच्याच अकाउंटवरून घ्या. तुमच्याकडे नेट पक्कं आहे, तेव्हा दर वेळी सर्व्हरला विचारणं तुम्हाला जाणवणारही नाही. भाऊ त्याच्या स्वतःच्या प्रोफाइलवरून खेळेल. त्याचे सेव्ह (गेम कुठवर खेळला त्याची नोंद), त्याच्या ट्रॉफी (गेममध्ये मिळवलेली मानचिन्हं) त्याच्याच राहतील. फक्त त्याने तिथे तुमच्या प्रोफाइलवरून खेळायचं नाही. एकच अकाउंट दोन पीएस५ वर एकाच वेळी ऑनलाइन राहत नाही, तो आत आला की तुम्ही बाहेर.

याची किंमत आहे. भावाने आजवर त्याच्या अकाउंटवर घेतलेले गेम तुम्हाला तुमच्या प्रोफाइलवरून मिळणार नाहीत. ते खेळायचेच असतील तर त्याचं अकाउंट पुण्याच्या मशीनवर जोडून, तो खेळत नसताना, त्याच्या नावाने खेळावे लागतील. एखाद-दुसऱ्या गेमसाठी ठीक आहे, रोजची रीत म्हणून कटकटीचं.

आणि पक्क्या नेटचीही हद्द असते. फेब्रुवारी २०२५ मध्ये प्लेस्टेशन नेटवर्क, म्हणजे सोनीची ऑनलाइन सेवाच जगभर जवळजवळ एक दिवस बंद होतं. शेअरिंग दुसऱ्या मशीनवर ठेवलेल्यांचे विकत घेतलेले गेम तेवढा वेळ उघडेनात, घरचं फायबर कितीही वेगवान असो. सोनीने नंतर प्लेस्टेशन प्लस या वर्गणीच्या सेवेच्या सभासदांना पाच दिवस वाढवून दिले. असं वारंवार होत नाही, पण या व्यवस्थेत तो धोका तुम्ही उचलताय, भाऊ नाही.

आता मुलगी. तुमच्या अकाउंटचं शेअरिंग चिपळूणला गेलं की पुण्याच्या मशीनवर तुमचे गेम फक्त तुमच्या प्रोफाइलवरून उघडतील. मुलीने स्वतःच्या प्रोफाइलवरून उघडायला घेतले की कुलपाचं चिन्ह. म्हणजे चिपळूणला काका-काकू, चुलत भावंडं सगळे खेळताहेत आणि ज्याने पैसे भरले त्याच्याच घरात लेकरू रडतंय. तिला तुमच्या प्रोफाइलवर बसवू नका. मुलांच्या अकाउंटला वयाची, वेळेची, खर्चाची मर्यादा लावता येते ती सगळी तुमच्या प्रोफाइलवर गळून पडते, शिवाय तुमच्या सेव्हवर कधी तिचा सेव्ह बसेल सांगता येत नाही. त्यापेक्षा घरात मोठ्या माणसाचं तिसरं अकाउंट काढा, समजा मुलीच्या आईच्या नावाने. त्याचं शेअरिंग पुण्याच्या मशीनवर चालू करा आणि मुलीचे गेम त्या अकाउंटवरून घ्या. ते गेम चिपळूणला मिळणार नाहीत, पण पुण्यात घरातल्या कोणालाही मिळतील. नऊ वर्षांच्या मुलीचे आणि तुम्हा दोघा भावांचे गेम तसेही फारसे एक नसणार.

सेटिंग कुठे आहे: सेटिंग्ज, मग युजर्स अँड अकाउंट्स, त्यात अदर, आणि तिथे कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले. आधी पुण्याच्या मशीनवर तुमच्या अकाउंटचं बंद करा, मग चिपळूणच्या मशीनवर तुमचं प्रोफाइल जोडून चालू करा. पासवर्ड फोनवर सांगत बसू नका. पीएस५ वर लॉगिनला क्यूआर कोड येतो, शक्य असेल तर तिथे गेल्यावर तुमच्याच फोनने तो स्कॅन करा. निघण्यापूर्वी दोन गोष्टी करा: तुमच्या प्रोफाइलला चार अंकी लॉगिन पासकोड, आणि खरेदीच्या वेळी पासवर्ड विचारण्याची सेटिंग. तुमचं कार्ड अकाउंटला जोडलेलं असेल तर हे करायचंच. मी तर कार्ड ठेवतच नाही, लागेल तेवढ्याचा वॉलेट कोड (आधी पैसे देऊन घेतलेला रिचार्ज) टाकतो. टू-स्टेप व्हेरिफिकेशनही चालू असू द्या.

चिपळूणचं मशीन कधी बिघडलं किंवा भावाने न विचारता विकलं, तर लांबूनही सुटका आहे. सोनीच्या वेबसाइटवर अकाउंटच्या पानावरून सगळी उपकरणं एकदम निष्क्रिय करता येतात. पण हे सहा महिन्यांतून एकदाच. तेव्हा उगाच करून बघू नका.

तुम्हा दोघा भावांना प्लेस्टेशन प्लस एकच पुरतं, आणि तेही तुमच्या अकाउंटवर घ्या. ऑनलाइन खेळणं, महिन्याचे गेम आणि एक्स्ट्रा किंवा डिलक्स ही वरची श्रेणी असेल तर त्यातला गेमचा कॅटलॉग, हे सगळं शेअरिंग असलेल्या मशीनवरच्या इतरांनाही मिळतं. क्लाउडमधली सेव्हची जागा मात्र ज्याचं प्लस त्याचीच. म्हणजे भावाचे पीएस५ गेमचे सेव्ह फक्त त्याच्या मशीनमध्ये राहणार, आणि पीएस५ गेमचा सेव्ह पेनड्राइव्हवर सुटा काढता येत नाही. शंभर तास घालवलेला गेम असेल तर त्याला हे आधीच सांगून ठेवा.

काय वाटून मिळत नाही? गेममधली नाणी, पॉइंट, असं जे वापरून संपतं ते. ज्याने घेतलं त्याच्याच खात्यात पडतं. विस्तार-पॅक म्हणजे डीएलसी सहसा मिळतं, पण गेम आणि डीएलसी एकाच देशाच्या स्टोअरचं हवं. भावाचं अकाउंट कधीकाळी अमेरिकेच्या स्टोअरवर काढलेलं असेल (पूर्वी बरेच जण काढायचे) तर तो त्याच्या अकाउंटवरून घेतलेलं डीएलसी तुमच्या भारतीय गेमला जोडू शकणार नाही.

पैशाचं बोलायचं तर मोठा नवा गेम आपल्याकडे सहसा पाच हजारांच्या आसपास येतो, म्हणजे माणशी अडीच हजार. पण भावाने अर्धे पैसे दिले तरी सातबाऱ्यावर नाव तुमचंच. एका अकाउंटवरचा गेम दुसऱ्यावर चढवता येत नाही. उद्या त्याचं लग्न झालं, तो कॅनडाला गेला, तरी वाटणी होणार नाही. हे आजच एकदा हसत हसत बोलून घ्या. आणि गेम घेतल्यावर लगेच डाउनलोड लावू नका. डाउनलोड सुरू केलेलं नसेल तर १४ दिवसांत पैसे परत मागता येतात, तेवढ्यात दोघांचं एकमत होऊ द्या.

ही सोय सोनीची अधिकृत आहे, पण ती घरच्यांसाठी आहे. इन्स्टाग्राम-टेलिग्रामवर ‘प्रायमरी’ आणि ‘सेकंडरी’ म्हणून अर्ध्या-पाव किमतीत गेम विकणारे याच सेटिंगचा धंदा करतात: एकाच अकाउंटची एक बाजू एकाला, दुसरी दुसऱ्याला. अकाउंट मूळ मालकाने परत खेचलं किंवा कंपनीने बंद केलं की गेम गेला, आणि नियमातच बसत नसल्यामुळे दाद मागायला जागा नाही. भावाने कुठून असं काही घेतलं असेल तर ते अकाउंट तुमच्या मशीनच्या आसपासही आणू नका.

वाटून खेळण्यावर कंपन्यांचं धोरण फिरत आलंय, हेही लक्षात असू द्या. पीएस३ वर एक गेम पाच मशीनवर चालायचा. नोव्हेंबर २०११ पासून ते दोनवर आणलं. २०१३ मध्ये मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स वनसाठी दर चोवीस तासांनी नेटवर हजेरीची अट जाहीर केली, त्यासोबत घरातल्या दहा जणांना गेम वाटायची योजनाही होती. लोक अटीवर इतके खवळले की त्याच वर्षी जूनमध्ये दोन्ही गुंडाळलं. सोनीने तेव्हा एक बावीस सेकंदांचा व्हिडिओ काढला होता: ‘पीएस४ वर गेम शेअर कसा करायचा’, आणि त्यात एक माणूस दुसऱ्याच्या हातात डिस्क देतो. संपलं! आज त्याच सोनीची डिस्क न घेणारी मशीन तुमच्या दोघांच्या घरी आहेत. माझं प्रामाणिक मत, पीएस५ चं नंतर आलेलं स्लिम मॉडेल असेल तर डिस्क ड्राइव्ह वेगळा मिळतो, एकदा खेळून बाजूला ठेवायच्या गेमसाठी तो वसूल होतो. डिस्क विकता येते. फक्त पहिल्यांदा जोडताना त्यालाही नेट लागतं, म्हणजे चिपळूणला तो ऑगस्टमध्ये नेऊ नका.

खाली प्रतिक्रियांत एकांनी एक्सबॉक्स आणि निन्टेंडोच्या स्विचचं विचारलंय म्हणून थोडक्यात. एक्सबॉक्सवर हेच सगळं ‘होम एक्सबॉक्स’ नावाने आहे, आणि ते वर्षातून पाच वेळाच बदलता येतं. स्विचवर एप्रिल २०२५ पासून व्हर्च्युअल गेम कार्ड आलं: गेम एका वेळी एकाच मशीनवर ‘घातलेला’ असतो, आणि फॅमिली ग्रुपमधल्या माणसाला १४ दिवस उसना देता येतो. पण उसना देताना दोन्ही मशीन शेजारी-शेजारी हवीत, तेव्हा पुणे-चिपळूणसारख्या अंतराला ते निरुपयोगी. ‘ऑनलाइन लायसन्स’ची सेटिंग चालू केली तर गेम विकत घेणाऱ्या माणसाला स्वतःच्या प्रोफाइलवरून, नेट असताना, दुसऱ्या मशीनवरही खेळता येतं.

राहिला चिपळूणला शंभर जीबी डाउनलोड कसं करायचं हा प्रश्न. करूच नका. किमान २५० जीबीची, वेगवान यूएसबीची एक्स्टर्नल ड्राइव्ह घ्या, पुण्याच्या पीएस५ वर फॉरमॅट करा (आधीचं सगळं पुसलं जाईल), गेम त्यावर कॉपी करा आणि गणपतीला जाताना सोबत न्या. पीएस५ चे गेम अशा ड्राइव्हवरून थेट खेळता येत नाहीत, म्हणून तिथे मशीनमध्ये परत कॉपी करावे लागतील. पीएस४ चे थेट चालतात. तुमचं शेअरिंग त्या मशीनवर असल्यामुळे नव्या गेमच्या परवान्यासाठी एकदा, आणि नंतर फक्त अपडेटपुरतं नेट लागेल. भावाला सांगा, मशीनमध्ये जागा मोकळी करून ठेव, नाहीतर आरतीच्या वेळेपर्यंत काय पुसायचं यावरच चर्चा चालेल.