सौर पंपाच्या प्लेटांवरील तपकिरी डाग

प्रश्न: मुरबाड तालुक्यातील एका भेंडी उत्पादक शेतकऱ्याने कळविले आहे की, त्यांच्या सौर पंपाच्या दोन प्लेटा मध्यभागी तपकिरी पडल्या असून एकीवर गोगलगाय सरपटून गेल्यासारख्या करड्या रेषा उमटल्या आहेत. दुपारी पाणीही कमी पडते. प्लेटा बदलाव्यात काय?

उत्तर: हे डाग काचेच्या आत असल्यामुळे घासून जाणार नाहीत, तारेची घासणी किंवा राख वापरल्यास काचेवर मात्र कायमचे चरे पडतील. काच आणि सेल (प्लेटमधील वीज तयार करणारे चौकोनी तुकडे) यांच्यामध्ये ईव्हीए या पारदर्शक प्लॅस्टिकचा थर असतो व उन्हाने तो वर्षागणिक आधी पिवळा, मग तपकिरी होतो. नीट पाहिल्यास सेलचा मधला भाग काळवंडलेला आणि कडेची अरुंद पट्टी स्वच्छ दिसेल, कारण मागच्या आवरणातून शिरणारी हवा कडेचा रंग फिकट करते. यात वीज हळूहळू घटते, त्यामुळे केवळ रंगासाठी प्लेट बदलू नये.

करड्या रेषा अधिक लक्ष देण्याजोग्या आहेत. वाहतुकीत आदळल्याने किंवा धुताना प्लेटवर पाय दिल्याने सेलला केसाएवढा तडा जातो, त्यातून ओलावा शिरतो आणि सेलवरील चांदीच्या बारीक रेघा काळ्या पडतात. आपल्याकडे चार महिने दमट हवा असल्याने ही तक्रार वाढते.

खरा धोका जळक्या ठिपक्याचा आहे. आंब्याच्या फांदीची सावली किंवा पक्ष्याची विष्ठा एकाच सेलवर राहिली, तर तो सेल वीज देण्याऐवजी स्वतःच तापतो. असा ठिपका, बुडबुडे, मागच्या पांढऱ्या आवरणाला भेगा किंवा वितळलेला जंक्शन बॉक्स (प्लेटमागील तारा जोडण्याची डबी) दिसल्यास ओल्या हाताने सांगाड्याला स्पर्श करू नये आणि तंत्रज्ञास बोलवावे; पंप बंद असला तरी उन्हात प्लेटांत वीज असतेच, म्हणून जोडण्या स्वतः ओढू नयेत.

पाणी कमी पडण्याचे खापर लगेच डागांवर फोडू नये. प्रथम विहिरीची पातळी पाहावी, सकाळी लवकर साध्या पाण्याने व मऊ फडक्याने प्लेटा धुवाव्यात आणि सावली देणारी फांदी छाटावी. तरीही फरक न पडल्यास, ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ योजनेतील पंपास 5 वर्षे दुरुस्तीची हमी असल्याने, डागांचे व प्लेटच्या मागच्या बाजूवरील अनुक्रमांकाचे फोटो जोडून पुरवठादाराकडे लेखी तक्रार द्यावी आणि तिची पोच घ्यावी.