वडिलांच्या पायाची जखम आणि फॉर्ममधला चुकीचा कोड

प्रश्न : माझे वडील इचलकरंजीत तीस वर्षे यंत्रमागावर उभ्याने काम करत होते. ऑगस्ट २०२२ मध्ये मी त्यांची मेडिक्लेम पॉलिसी काढली, ती खंड न पडता चालू आहे. जानेवारी २०२३ मध्ये एका तपासणी शिबिरात त्यांना मधुमेह असल्याचे पहिल्यांदा कळले. उजव्या घोट्याच्या वर सात महिने न भरणारी जखम होती, म्हणून फेब्रुवारी २०२५ मध्ये त्यांना ॲडमिट केले. लेसरने शीर बंद केली आणि जखमेवर त्वचा लावली. बिल १ लाख ८६ हजार झाले. एप्रिलमध्ये कंपनीने क्लेम नाकारला. कारण असे दिले की हॉस्पिटलने कोड ई ११.५ लिहिला आहे, म्हणजे जखम मधुमेहाची. एवढी गुंतागुंत दोन वर्षांत होत नाही, म्हणजे मधुमेह पॉलिसीच्या आधीचा आणि तो लपवला. हॉस्पिटल म्हणते, फाइल बंद झाली, आता कोड बदलता येणार नाही. आम्ही काहीही लपवलेले नाही. काय करावे?

उत्तर : ताई, तुमचे पत्र वाचून वाईट वाटले. ज्या माणसाने आयुष्यभर मागासमोर उभे राहून पाय झिजवले, त्याच्या पायाच्या जखमेवरून त्याला खोटे ठरवले गेले आहे. पण तुमची बाजू तुम्हाला वाटते त्यापेक्षा भक्कम आहे.

आधी हा कोड आला कुठून ते पाहू. क्लेम फॉर्मचे दोन भाग असतात. भाग अ आपण भरतो. भाग ब हॉस्पिटल भरते, आणि तो बहुतेक कुटुंबांच्या नजरेलाही पडत नाही. त्या भागात मुख्य निदान, जोडीचे निदान आणि सहव्याधी (रुग्णाला असलेले इतर आजार) यांचे आयसीडी-१० कोड लिहायचे असतात. ही जागतिक आरोग्य संघटनेची आजारांची यादी आहे. तिच्यात पायावरच्या जुनाट जखमेला एकच कोड नाही, जखम कशामुळे झाली त्यावर तो ठरतो. फुगलेल्या शिरांमुळे म्हणजे व्हेरिकोज व्हेन्समुळे झालेला व्रण आय ८३.० मध्ये जातो. मधुमेहाने रक्ताभिसरण बिघडून झालेला ई ११.५ मध्ये. अंथरुणाला खिळलेल्या रुग्णाचा बेडसोअर एल ८९ मध्ये. पायाचा जो व्रण यांपैकी कशातच बसत नाही, तो एल ९७ मध्ये. तुम्ही पाठवलेल्या डिस्चार्ज कार्डावर 'उजव्या पायावर जुनाट व्रण, टाइप २ मधुमेह' असे एका ओळीत लिहिले आहे. बिलिंग विभागात बसलेल्या व्यक्तीने त्या दोन गोष्टी जोडून टाकल्या, असेच मला दिसते. वडिलांना मधुमेह आहे हे खरे, पण तो सहव्याधीच्या रकान्यात जायला हवा होता.

हे सिद्ध करायला बाहेरचा साक्षीदार शोधावा लागणार नाही. जखम घोट्याच्या वर आतल्या बाजूला आहे, आजूबाजूची कातडी काळपट झाली आहे, आणि डॉपलर म्हणजे रक्तप्रवाहाच्या सोनोग्राफीच्या रिपोर्टमध्ये शिरेतले रक्त उलटे वाहत असल्याची नोंद आहे. मधुमेहाची जखम बहुधा तळव्यावर, बोटांवर, दाब पडतो तिथे होते. सगळ्यात बोलका पुरावा म्हणजे शस्त्रक्रियाच. साखरेमुळे झालेल्या जखमेसाठी कोणी शीर लेसरने बंद करत नाही. कोड एक सांगतो आणि ऑपरेशन नोट दुसरेच सांगते, ही विसंगती कंपनीच्या डॉक्टरांच्या लक्षात यायला हवी होती.

आता कायद्याचा मुद्दा, आणि मी सगळ्यात जास्त भर यावरच देईन. 'पूर्वीपासूनचा आजार' याची व्याख्या विमा नियामकाने ठरवून दिलेली आहे. पॉलिसीपूर्वी ठरावीक काळात डॉक्टरने ज्याचे निदान केले, किंवा ज्यावर सल्ला वा उपचार दिला, तोच पूर्वीपासूनचा आजार. शरीरात तो कधी सुरू झाला असेल, या अंदाजाला त्या व्याख्येत जागा नाही. म्हणजे कोड बरोबर आहे असे क्षणभर धरले, तरी ऑगस्ट २०२२ पूर्वी मधुमेहाचे निदान किंवा उपचार झाल्याचा कागद कंपनीनेच दाखवायला हवा. लपवल्याचा आरोप जो करतो, तो सिद्ध करण्याची जबाबदारी त्याची. शिबिरातला जानेवारी २०२३ चा रिपोर्ट जपून ठेवा.

एक गोष्ट मात्र मला खरी सांगा. पॉलिसीच्या आधी वडिलांनी फुगलेल्या शिरा कोणा डॉक्टरला दाखवल्या होत्या का? दाखवल्या असतील, तर कोड दुरुस्त झाल्यावर पूर्वीपासूनच्या आजाराचा खर्च पहिले ३६ महिने न देण्याचा नियम शिरांना लागू शकतो, आणि ती लढाई वेगळी मांडावी लागेल. नसतील, तर तुमच्या पॉलिसीत व्हेरिकोज व्हेन्स आणि त्यांच्या व्रणासाठी २४ महिन्यांची प्रतीक्षा आहे आणि ॲडमिट होईपर्यंत ३० महिने झाले होते. ते कलम आड येत नाही.

हॉस्पिटलकडे 'कोड बदलून द्या' असे मागू नका. झालेल्या नोंदीत खाडाखोड करायला सांगणे चूक आहे, आणि तसा कागद उद्या तुमच्याच अंगाशी येईल. ज्या सर्जनने शस्त्रक्रिया केली त्यांच्याकडून आजच्या तारखेचे, सही आणि नोंदणी क्रमांक असलेले स्पष्टीकरणाचे पत्र घ्या : जखम शिरांची होती, मधुमेह सहव्याधी होता, भाग ब मधला कोड चुकून पडला. फाइल बंद झाली तरी डॉक्टरला असे पत्र देता येते. सोबत संपूर्ण इनडोअर केस पेपर (ॲडमिट असतानाच्या सगळ्या नोंदी) आणि भाग ब ची प्रत लेखी अर्ज देऊन मागा, पोच घ्या. मागितल्यापासून ७२ तासांत कागद देण्याचे बंधन डॉक्टरांवर २००२ च्या वैद्यकीय आचारसंहितेने घातले आहे.

मग हे सगळे जोडून कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला लेखी तक्रार करा, विमा नियामकाच्या 'बीमा भरोसा' पोर्टलवरही टाका. त्यात हे जरूर विचारा की क्लेम नाकारण्याला कंपनीच्या क्लेम पुनरावलोकन समितीची मंजुरी होती का. नियामकाच्या २९ मे २०२४ च्या परिपत्रकानुसार तिच्याशिवाय क्लेम नाकारता येत नाही. महिन्याभरात उत्तर आले नाही किंवा पटले नाही, तर पुण्याच्या विमा लोकपालाकडे, म्हणजे विम्याच्या तक्रारींचा निवाडा करणाऱ्या अधिकाऱ्याकडे जा. तिथे फी नाही, वकील चालत नाही आणि त्याची गरजही पडत नाही. कंपनीच्या अखेरच्या नकारापासून एक वर्षाची मुदत असते. लोकपालाचा निवाडा कंपनीवर बंधनकारक असतो. तो तुम्हाला मान्य नसेल, तर कोल्हापूरचा जिल्हा ग्राहक आयोग उघडा आहे, तिथे मुदत दोन वर्षांची. दोन्हीकडे एकाच वेळी मात्र जाऊ नका, ग्राहक आयोगात प्रकरण चालू असेल तर लोकपाल ते घेत नाहीत. आणि नकारपत्रात न दिलेले कारण कंपनीला नंतर न्यायालयात पुढे करता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये सांगितले आहे. म्हणून ते एप्रिलचे पत्र मूळ स्वरूपात जपा, पाकिटासकट.

सर्जनचे पत्र ऑगस्टमधल्या नूतनीकरणाच्या आत मिळवा. शिरांच्या जखमा पुन्हा उघडतात, वडिलांना परत ॲडमिट व्हावे लागू शकते, आणि तेव्हा कंपनीच्या संगणकावर सगळ्यात आधी ई ११.५ च दिसेल.