आरंभीच्या ख्रिस्ती धर्माचा इतिहास शिकून करिअर होतं का? आणि हे शिकताना श्रद्धा जाते का?

दुसऱ्या प्रश्नावर आमच्या घरात वर्षानुवर्षं वाद चाललाय, म्हणून तो आधी घेतो.

नाही जात.

मी नगरचा, आजोबा पाळक होते. एका नाताळात सगळे जमले असताना मामांनी संध्याकाळच्या प्रार्थनेला मला बायबलातल्या मार्कच्या शुभवर्तमानाचा, म्हणजे त्याने लिहिलेल्या येशूच्या कथेचा, सोळावा अध्याय वाचायला सांगितला. आठव्या वचनावर मी थांबलो. स्त्रिया रिकाम्या कबरेपासून पळत सुटतात आणि भीतीपोटी कोणाला काहीच सांगत नाहीत. मी म्हटलं, बायबलच्या चौथ्या शतकातल्या सिनाई आणि व्हॅटिकन या दोन्ही हस्तलिखितांत मार्क इथेच संपतो. पुढची बारा वचनं मागाहून जोडलेली आहेत. मामी "हो का?" म्हणत पुढे सरकल्या. मामांनी माझ्या हातातून पुस्तक घेऊन मिटलं. "देवाच्या वचनावर संशय घ्यायचे पैसे मिळतात होय रे तुम्हाला?" त्या रात्री ते माझ्या पंगतीला बसले नाहीत.

येशूचे अभ्यासक गेझा व्हर्मेश यांची गोष्ट मीच मामांना सांगितली होती, तीही त्यांनी माझ्यावर उलटवली. व्हर्मेश १९२४ साली हंगेरीत ज्यू घरात जन्मले. लहानपणीच कुटुंबाचा बाप्तिस्मा झाला, तरी आईवडील नाझींच्या संहारातून वाचले नाहीत. ते स्वतः कॅथलिक धर्मगुरू झाले, मृत समुद्राजवळ सापडलेल्या प्राचीन ज्यू हस्तलिखितांच्या गुंडाळ्यांवर बेल्जियममध्ये डॉक्टरेट केली, १९५७ मध्ये धर्मगुरूपद सोडलं आणि पुढे ऑक्सफर्डला शिकवलं. १९७३ च्या पुस्तकात त्यांनी येशूला गालीलातल्या ज्यू संतपुरुषांच्या परंपरेत बसवलं. आज येशूचं ज्यूपण मान्य केल्याशिवाय या विषयात कोणी पान लिहीत नाही. मामा म्हणाले, "बघ, सोडलंच ना चर्च!"

अहो, पण रेमंड ब्राउन? योहानाच्या शुभवर्तमानावरचा केवढा मोठा अभ्यासक, आणि १९९८ साली वारला तोवर कॅथलिक धर्मगुरूच होता. बायबलच्या हस्तलिखितांचा अभ्यासक बार्ट अरमनने श्रद्धा सोडली खरी, पण तो स्वतःच सांगतो की हस्तलिखितांमुळे नाही, जगातल्या दुःखाचं उत्तर मिळेना म्हणून. तिघांचे मार्ग तीन, अभ्यासाची पद्धत एकच. भांडारकर संस्थेने १९१९ पासून १९६६ पर्यंत पोथ्या ताडून महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली, म्हणून कोणाची गीता बुडाली नाही. पाठभेद, म्हणजे प्रतींमधले शब्दांचे फरक, तपासणं म्हणजे ग्रंथाला गांभीर्याने घेणं. न तपासता भक्ती करणाऱ्याने तपासणाऱ्याला पाखंडी म्हणू नये, एवढंच माझं म्हणणं आहे.

आता करिअर. ग्रीक, हिब्रू आणि अरामी लागतात. वर जर्मन आणि फ्रेंच वाचता यायला हवं, कारण बरंच संशोधन त्यांत आहे. आपल्याकडे नोकऱ्या मुख्यतः धर्मशिक्षणाच्या संस्थांत, म्हणजे पुण्याचं ज्ञानदीप किंवा बंगळूरचं युनायटेड थिऑलॉजिकल कॉलेज अशा ठिकाणी. तिथे संस्थेचं धोरण पाहूनच बोलावं लागतं. परदेशात जागा कमी आणि उमेदवार फार. घर तुमच्या एकट्याच्या पगारावर चालणार असेल, तर हाताशी दुसरं काम ठेवा.

ग्रीक मात्र आजच सुरू करा. पौलाचं थेस्सलनीकाकरांस पहिलं पत्र घ्या: छोटं आहे, आणि बहुतेक अभ्यासकांच्या मते नव्या करारातलं, म्हणजे बायबलच्या ख्रिस्ती भागातलं, सर्वांत जुनं लिखाण, इसवी सन ५० च्या आसपासचं. घरचे अडवायला लागले की ब्राउनचं नाव पुढे करा. आमच्या मामांकडे त्यावर अजून उत्तर नाही.