‘अर्जंट’ फुकट मिळतो, तिथेच घोळ आहे

तुमचा प्रश्न वाचून आमच्या जुन्या टीमची आठवण झाली. तुमचं म्हणणं थोडक्यात असं : बारा जणांची टीम, सगळं काम मायक्रोसॉफ्ट टीम्स या ऑफिसच्या चॅट-अॅपवर, आणि साहेबांपासून ट्रेनीपर्यंत जो तो लाल उद्गारचिन्ह लावून मेसेज टाकतो. परवा एक खरोखरच तातडीचा मेसेज दोन तास कुणी उघडलाच नाही. तुम्ही नुकतेच लीड झालात, तेव्हा साहेबांना न दुखावता हे थांबवायचं कसं?

मी चौदा वर्षं पुण्यात प्रॉडक्शन सपोर्टमध्ये, म्हणजे क्लायंटच्या चालू सिस्टीम बिघडल्या की दुरुस्त करायच्या कामात, आहे. रात्री-अपरात्री फोन वाजणं हाच आमचा धंदा, त्यामुळे उत्तर जरा लांबेल.

आधी ते बटण नेमकं काय करतं ते सांगतो, कारण लावणाऱ्यांपैकी निम्म्यांना ते ठाऊक नसतं. टीम्समध्ये मेसेज लिहिण्याच्या चौकटीपाशी ‘सेट डिलिव्हरी ऑप्शन्स’ असतं. त्यात तीन पर्याय : स्टँडर्ड, इम्पॉर्टंट आणि अर्जंट. इम्पॉर्टंट केलंत तर मेसेजच्या डोक्यावर फक्त तशी पाटी लागते, बाकी काही होत नाही. अर्जंट केलंत तर मात्र समोरच्याचा फोन दर २ मिनिटांनी वाजतो, तो मेसेज वाचेपर्यंत किंवा २० मिनिटं पूर्ण होईपर्यंत. म्हणजे एका अर्जंटमागे दहाएक वेळा ठणाणा. हे फक्त चॅटमध्ये, एकट्याशी असो वा ग्रुपमध्ये. चॅनलमध्ये, म्हणजे अख्ख्या टीमच्या सामायिक फळ्यावर, इम्पॉर्टंटपर्यंतच मजल जाते. तुमच्या कंपनीच्या आयटीवाल्यांना हे अर्जंट काही लोकांपुरतं किंवा सरसकट बंदही करता येतं, पण त्या वाटेला लगेच जाऊ नका. का ते पुढे येईल.

एक संध्याकाळ सांगतो. मी दुचाकीवरून घरी निघालो होतो आणि चांदणी चौकाच्या अलीकडे खिशात फोन थरथरला. दोन मिनिटांनी पुन्हा, मग पुन्हा. सर्व्हर गेला असणार असं धरून गाडी कडेला घेतली, हातमोजा दातांनी ओढून काढला, हेल्मेट आरशाला अडकवलं. स्क्रीनवर लाल अक्षरांत अर्जंट, आणि खाली मेसेज : ‘हाय सर’. एवढंच. मी तो उघडल्यावर तीन ठिपके नाचायला लागले, आणि मिनिटभराने उरलेलं वाक्य आलं, ‘उद्याच्या सुट्टीचं अप्रूव्ह कराल का?’

त्या मुलावर मी चिडलो नाही असं नाही, पण त्याचा तरी काय दोष! बटण समोर होतं आणि दाबायला पैसे पडत नव्हते.

पुढच्याच महिन्यात उलटा प्रकार झाला. एका क्लायंटची पगाराची फाइल बँकेला गेलीच नाही. रात्रपाळीच्या मुलीने रीतसर अर्जंट पाठवला, पण ज्याला पाठवला त्याने लाल पाहून अंगठ्याने बाजूला सारला. ‘रोजचंच आहे’ असं वाटलं, हे त्याने नंतर कबूल केलं. सकाळी क्लायंटच्या ऑफिसातून फोन सुरू झाले, पगार दुपारी जमा झाले, आणि आम्ही सगळे खाली मान घालून बसलो. दोघांपैकी कुणाचंही काही चुकलं नव्हतं, हेच जास्त लागलं.

तेव्हा मला आजोळची तार आठवली. नव्या पोरांना सांगावं लागेल, आपल्याकडची तार १५ जुलै २०१३ ला बंद झाली. तिच्यात दोन प्रकार होते, साधी आणि एक्स्प्रेस, आणि एक्स्प्रेसला पैसे दुप्पट. शिवाय मोजणी शब्दांवर, त्यामुळे ‘हाय सर’ असं लिहून उरलेलं दुसऱ्या तारेत पाठवायची कुणाची छाती नव्हती. ट्रंक कॉलचंही, म्हणजे एक्स्चेंजमधून जोडून घ्यायच्या परगावच्या फोनचंही तेच, साधा, अर्जंट, लाइटनिंग असे चढते दर. परिणाम असा की ‘तार!’ अशी हाक दारात आली की आजी ती फोडायच्या आधीच डोळ्यांना पदर लावायची. अतिच होतं ते, पण पाठवणाऱ्याने खिशात हात घातला आहे हे तिला माहीत होतं. चॅटवरचं अर्जंट पाठवणाऱ्याला फुकट आणि घेणाऱ्याला महाग. माझ्या मते सगळा घोळ एवढाच आहे.

(वडील सरकारी कचेरीत होते. तिथे फायलींवर ‘तातडीचे’, ‘अति तातडीचे’ अशा चिठ्ठ्या लागायच्या. ते म्हणायचे, ज्या फायलीवर काहीच लावलेलं नाही ती आधी उघड, ती बिचारी खाली दबलेली असणार.)

म्हणून आम्ही बटण काढलं नाही, त्याला किंमत लावली. नियम एकच केला : अर्जंट पाठवलंस आणि दहा मिनिटांत उत्तर आलं नाही, तर तू स्वतः फोन करायचास. दुसऱ्याला सांगायचं नाही, मेसेज पुन्हा टाकायचा नाही, फोन करून तोंडाने सांगायचं. बस. रात्री साडेदहाला साहेबांना फोन लावून ‘सर, ती एक्सेल बघितली का?’ असं विचारायची हिंमत कुणात नसते. आणि फोन करायची लाज वाटते म्हणजे मेसेज अर्जंट नव्हताच, हे ज्याचं त्याला उमगतं. आम्हाला भाषण द्यावं लागलं नाही. महिनाभरात लाल इतका विरळ झाला की दिसला तर लोक हातातला चहा खाली ठेवायला लागले.

महत्त्वाचं आणि तातडीचं यातली गल्लतही त्यात आपोआप सुटली. अप्रेझलचा फॉर्म महत्त्वाचा आहे, पण शुक्रवारपर्यंत भरला तरी चालतो. गेटवर गेटपासशिवाय खोळंबलेला एसीवाला फारसा महत्त्वाचा नाही, पण आत्ता कुणीतरी उठायला हवं. पहिल्याला इम्पॉर्टंट लावा, दुसऱ्याला सरळ फोन करा.

आता मेसेज लिहायचा कसा. कुलूपबंद स्क्रीनवर पहिले आठ-दहा शब्दच दिसतात, तेव्हा जे काही आहे ते तिथेच आलं पाहिजे. पगाराच्या त्या रात्री गेलेला मेसेज असा होता : ‘सर अर्जंट आहे, जॉब फेल झालाय, प्लीज चेक करा.’ कुठला जॉब? सर्व्हरवर आपोआप चालणारी अशी कामं आमच्याकडे रात्रीत शेकड्याने असतात. नंतर आम्ही तोच मेसेज फळ्यावर पुन्हा लिहून काढला : ‘पगाराची फाइल बँकेला गेली नाही, मुदत सकाळी ६. दुसऱ्या सर्व्हरवरून पुन्हा पाठवू का? फक्त हो किंवा नाही लिहा. २.३० पर्यंत वाट बघून फोन करते.’ काय बिघडलं, कधीपर्यंत वेळ आहे, वाचणाऱ्याकडून नेमकं काय हवंय, आणि उत्तर नाही आलं तर ती काय करणार, सगळं त्यात आहे. झोपेतला माणूससुद्धा एका डोळ्याने वाचून ‘हो’ टाकू शकतो. ‘हाय’, ‘बिझी आहात का’, ‘एक मिनिट’ हे अर्जंटमध्ये आमच्याकडे कायमचं बंद झालं.

एक खाच लक्षात ठेवा. टीम्सची घंटा मेसेज वाचला की थांबते. वाचला म्हणजे काम हाती घेतलं असं नव्हे, झोपेत अंगठा लागूनही मेसेज उघडतो. म्हणून घेणाऱ्यानेही दोन शब्द लिहायचे, ‘बघतोय’ किंवा ‘मी नाही, अमुकला विचार’. मॅटरमोस्ट हे टीम्ससारखंच दुसरं अॅप वापरणाऱ्यांना तिथे पोचपावती मागायची सोयच आहे, समोरचा बटण दाबून ‘मिळालं’ सांगतो. टीम्सवर ती शिस्त हातानेच पाळावी लागते. स्लॅक या तशाच तिसऱ्या अॅपवाल्यांसाठी एवढंच, की मेसेजात लिहिलेल्या ‘अॅट चॅनल’ने (@channel) चॅनलमधल्या सगळ्यांना सूचना जाते आणि ‘अॅट हिअर’ने (@here) फक्त त्या वेळी सक्रिय असलेल्यांना, तेव्हा रात्री मदत हवी असताना ‘हिअर’ टाकून वाट बघत बसू नका. कुणी सूचना थांबवून ठेवल्या असतील तर स्लॅक तसं दाखवतं आणि ‘तरीही कळवा’ असा पर्यायही देतं. कंपनीने तो बंद केलेला नसेल तर.

फोनचीही तपासणी करा. दोन तास मेसेज न उघडल्याचं खापर माणसावर फोडण्याआधी त्याचा मोबाइल बघा. काही अँड्रॉइड फोन बॅटरी वाचवण्यासाठी मागे चाललेली अॅप्स गुपचूप झोपवतात, मग अर्जंटही पोचत नाही. टीम्सला त्या बॅटरी-बचतीतून वगळायला सांगा. डेस्कटॉपवर सक्रिय असताना मोबाइलवर सूचना नकोत, असंही एक सेटिंग आहे. लॅपटॉप उघडा ठेवून कँटीनला गेलेला माणूस त्यात सापडतो.

आणि फोन लागला नाही तर लगेच दुसऱ्यांदा लावा. हे शिष्टाचारात बसत नाही असं आपल्याला वाटतं, पण त्याला कारण आहे. फोन शांत ठेवणाऱ्या ‘डू नॉट डिस्टर्ब’मध्ये पुन्हा फोन करणाऱ्याला आत सोडायची सोय असते : अँड्रॉइडवर त्याच नंबरवरून १५ मिनिटांत दुसरा फोन आला तर, आयफोनवर ३ मिनिटांत आला तर घंटी वाजते. सेटिंग चालू आहे का ते टीममधल्या प्रत्येकाकडून एकदा बघून घ्या. आमच्याकडे नवीन माणूस आला की पहिल्याच दिवशी त्याचा फोन शांत करून दोनदा लावून बघतो.

राहिले साहेब. त्यांना ‘तुम्ही अर्जंट फार वापरता’ असं सांगायला जाऊ नका, निष्पन्न काही होत नाही. त्यांच्या तीन लाल मेसेजांचा स्क्रीनशॉट घ्या आणि विचारा, ‘साहेब, यातलं आधी कोणतं घेऊ? बाकीची दोन उद्या दिली तर चालतील का?’ क्रम त्यांनाच लावू द्या. दर वेळी हेच विचारा, त्याच सुरात, खोचकपणा न आणता. आयटीवाल्यांकडून अर्जंट बंद करून घेऊ नका म्हटलं ते याचसाठी : बटण गेलं तर साहेब ठळक अक्षरांत पाच उद्गारचिन्हं टाकतील, आणि रात्रपाळीच्या मुलीच्या हातात काहीच उरणार नाही.

आमच्या साहेबांना आठेक महिने लागले. अजूनही एखाद्या शुक्रवारी संध्याकाळी लाल येतोच. मग मी लिहीत बसत नाही, फोन लावतो. ‘हां, बोला सर, काय झालं?’ पलीकडे क्षणभर शांतता, आणि मग, ‘अरे, तू फोन कशाला केलास? सोमवारी बघितलंस तरी चालेल.’