फाइल अडकलेली, हप्ता मात्र सुरू

सातपुड्याच्या पायथ्याशी एका अनुदानित महाविद्यालयात शिकवणाऱ्या प्राध्यापकांचं पत्र आहे. वय 52, नोकरी 2007 पासून. कॅसची, म्हणजे प्राध्यापकांच्या पदोन्नती योजनेची, 13ए या वरच्या वेतनस्तराची प्लेसमेंट जुलै 2019 पासून देय. निवड समिती झाली, विद्यापीठाची मान्यता आली, वेतननिश्चिती मात्र उच्च शिक्षण सहसंचालक कार्यालयात अडकली. ते लिहितात, "42 लाख अरियर्स (थकबाकी) निघतात, ते कुठे गुंतवू? सहकाऱ्याच्या पत्नीकडून वर्षाला 3 लाखांची, 10 वर्षं हप्त्यांची पॉलिसी गेल्या डिसेंबरात घेतली. पहिला हप्ता पतपेढीचं कर्ज काढून भरला, पुढचे अरियर्समधून भरेन. काही जण कोर्टात जा म्हणतात, पण वकील 50 हजार मागतो. स्मरणपत्रं देतोच आहे."

सर, कुठे गुंतवायचं हे नंतर बघू. आधी तुमचे 42 लाख मोजू.

पगारातला फरक महागाई भत्त्यासह सरासरी साठेक हजार, महिने 72. कागदावर 42 लाख बरोबर आहेत. पण 2008 च्या तरसेम सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवलंय की वेतननिश्चितीचा अन्याय दर महिन्याला नव्याने होतो, म्हणून उशीर झाला तरी दाद मिळते. थकबाकी मात्र साधारणपणे याचिका दाखल झाल्याच्या आधीच्या तीन वर्षांचीच. अलीकडच्या महिन्यांचा फरक सरासरीहून मोठा, म्हणजे आज गेलात तर 23 लाखांच्या आसपास. बाकीचे 19 कार्यालयाने स्वखुशीने दिले तरच. आणि दाखल करायला लागणारा प्रत्येक महिना मागच्या टोकाचे साठ हजार खातो. वकिलाची फी एका महिन्याच्या नुकसानीहूनही कमी आहे!

स्मरणपत्रांची फाइल जपून ठेवा, पुरावा म्हणून उपयोगी पडेल. पण त्यांनी मुदत थांबत नाही. त्याच वर्षीच्या सी. जेकब खटल्यात न्यायालयाने हेच बजावलंय: निवेदनं देत राहिल्याने शिळा दावा ताजा होत नाही. आवक शिक्का मारलेली प्रत हातात असली की आपल्याला काम झाल्यासारखं वाटतं, ही आपल्या सगळ्या नोकरदारांची खोड.

तेव्हा माहिती अधिकारात फाइलची आजची स्थिती आणि त्रुटीचा शेरा मागवा, वकिलाची नोटीस पाठवा आणि राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात याचिका टाका. विद्यापीठ कायद्यात तक्रार निवारण समिती आहे, तिच्याकडेही अर्ज करा. मात्र तिच्या भरवशावर सहा महिने घालवू नका. तुमच्यासारखे अडकलेले आणखी चार-पाच जण असतील, तर एकत्र जाण्याने फी वाटली जाते का, हे वकिलांना विचारा. बऱ्याचदा पहिला आदेश "इतक्या आठवड्यांत निर्णय घ्या" एवढाच येतो. तो पाळला नाही तर अवमान याचिका एका वर्षाच्या आत करावी लागते, ती तारीख डायरीत लिहा.

समजा 23 लाख मिळाले. 2007 ची नेमणूक, म्हणजे जुनी पेन्शन नाही. 10 टक्के एनपीएसला, म्हणजे राष्ट्रीय पेन्शन योजनेला जातील. 30 टक्क्यांच्या हिशेबाने सातेक लाख कर. हातात चौदा. विवरणपत्राआधी थकबाकीच्या सवलतीचा ठरलेला फॉर्म (1961 च्या प्राप्तिकर कायद्यात 10ई) भरला तर थकबाकीवरची सवलत (त्याच कायद्यातलं कलम 89) मिळून थोडं परत येईल, आणि सवलत मागून तो भरायचा राहून गेला की नोटीस येते. व्याज मागा जरूर, हिशेबात धरू नका.

आता पॉलिसी. 12 टक्क्यांचं कर्ज काढून 5-6 टक्के देणारी पॉलिसी! निवृत्ती 60 ला, शेवटचा हप्ता साठी ओलांडल्यावर, तोही जुनी पेन्शन नसताना. विकणाऱ्या वहिनींनी तुमचं वय विचारलं नव्हतं का? आणि हप्ते न आलेल्या थकबाकीतून! बाजारात तुरी म्हणतात ते हेच. दुसरा हप्ता भरू नका. वर्ष पूर्ण झाल्यावर किती परत मिळतात ते विमा कंपनीकडून लेखी मागा. जे मिळेल ते पतपेढीत भरून कर्ज हलकं करा. काही रक्कम बुडेलच. थकबाकी आली की उरलेलं कर्ज आधी फेडायचं, आणि मग मला पुन्हा लिहायचं.