निमुळता म्हणजे किती निमुळता?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: आयटीआयला टर्नर ट्रेडला आहात, पुस्तकात 'टेपर'ला एका पानावर 'निमुळता' म्हटलंय आणि दुसऱ्या पानावर 'शंक्वाकृती'. दोन्ही एकच का? आणि ड्रॉइंगवर 'टेपर १:२०, मोठं टोक ३०, लांबी ६०' लिहिलंय, त्यात १ कशाचा आणि २० कशाचे?

आधी शब्दाचं बघू, कारण आकड्यातला घोळही शब्दातूनच सुरू होतो.

निमुळता हा शब्द आपण घरात रोज वापरतो. निमुळती बोटं, निमुळता चेहरा, गाजर खाली निमुळतं होत जातं. जेजुरीच्या दीपमाळा पाहिल्या असतील, त्या वर निमुळत्या होत जातात. या सगळ्यांत एक गोष्ट सारखी आहे, ती म्हणजे दिशा. निमुळतं म्हटलं की 'कुठल्या टोकाकडे?' हा प्रश्न आलाच. चिंचोळा या शब्दाला अशी दिशा नाही. गल्ली या टोकापासून त्या टोकापर्यंत चिंचोळी असू शकते, पण वस्तू सगळीकडे सारखीच निमुळती असू शकत नाही. आणि अणकुचीदार म्हणजे नुसतं टोकाचं वर्णन. खिळा अणकुचीदार असतो, पण त्याची दांडी वरपासून खालपर्यंत एकाच जाडीची असते, म्हणून तो निमुळता नाही.

शंक्वाकृती हा शब्द यापेक्षा काटेकोर आहे. कुठेही आडवं कापलं तर गोल तोंड दिसलं पाहिजे आणि कडा सरळ रेषेत एका बिंदूकडे जात असल्या पाहिजेत. मेंदीचा कोन शंक्वाकृती. पाण्याचा पेला किंवा बादली घेतली तर ती टोक उडवलेल्या शंकूसारखी असते. दहावीच्या भूमितीत तुम्ही त्याला शंकूछेद म्हणून घनफळं काढली असतील. लेथवर, म्हणजे धातू फिरवत ठेवून कापायच्या यंत्रावर, आपण जे टेपर काढतो ते बहुतेक वेळा शंकूछेदच असतं, कारण जॉब (कापायचा तुकडा) फिरतो आणि फिरणाऱ्या जॉबवर गोलच येणार. म्हणून तुमच्या पुस्तकाने टर्निंगच्या धड्यात शंक्वाकृती लिहिलं तर ते चूक नाही.

पण पाचर घ्या. कुऱ्हाडीच्या दांड्यात ठोकतात ती लाकडी पाचर निमुळती आहे, शंक्वाकृती अजिबात नाही. जुन्या सायकलच्या पायडलच्या दांडीत जी कॉटर पिन असते ती हातात घेऊन बघा. पिन गोल आहे, पण एका अंगाने तिरकी सपाट घासलेली. तो तिरका सपाट भाग म्हणजे तिचा निमुळतेपणा. पुली आसावर घट्ट बसावी म्हणून तिच्या खाचेत ठोकायची पट्टी, म्हणजे 'टेपर की' (key), तशीच, रुंदी सगळीकडे सारखी आणि जाडी फक्त एका अंगाने कमी होत जाणारी. म्हणजे शंक्वाकृती (टोक असो वा उडवलेलं असो) ते निमुळतं असतंच, पण निमुळतं ते शंक्वाकृती असेलच असं नाही. माझं मत विचाराल तर टेपरला मराठी प्रतिशब्द म्हणून निमुळताच बरा. शंक्वाकृती फक्त गोल जॉबपुरता ठेवावा.

कारखान्यात मात्र यातलं काहीच कोणी म्हणत नाही. तिथे टेपर हे नाम आहे. 'टेपर काढ', 'टेपर मार', आणि सगळ्यात जास्त ऐकू येणारं 'जॉबला टेपर येतोय', म्हणजे सरळ दांडा काढायचा होता पण टेलस्टॉक (जॉबचं दुसरं टोक धरणारा लेथचा भाग) बाजूला सरकलेला आहे म्हणून एका टोकाला मि.मी.चे दोन शतांश जास्त भरतंय. हा टेपर डोळ्याला दिसत नाही, मायक्रोमीटरलाच दिसतो. त्याला कोणी निमुळता म्हणणार नाही. निमुळता म्हणायला डोळ्याला दिसलं पाहिजे.

तांत्रिक वापरात आणखी एक अट येते, जी घरगुती वापरात नाही. कमी होण्याचा वेग सारखा हवा. गाजर आधी हळूहळू आणि शेवटी एकदम बारीक होतं, ते घरात चालतं. रस्त्यावरचा जुना लोखंडी दिव्याचा खांब खाली जाड, मध्ये कमी, वर बारीक असतो, पण तो पायऱ्यापायऱ्यांनी बारीक होतो. लांबून निमुळता वाटला तरी ड्रॉइंगच्या भाषेत तो टेपर नाही, स्टेप आहे. वेग सारखा असेल तरच तो एका गुणोत्तरात लिहिता येतो, आणि तिथे तुमचं १:२० येतं.

गोल जॉबवर १:२० म्हणजे लांबीत २० मि.मी. पुढे गेलं की व्यास १ मि.मी. कमी. व्यास, त्रिज्या नव्हे. मोठ्या व्यासातून लहान व्यास वजा करा, लांबीने भागा, की टेपर मिळाला.

इथे मी स्वतः तोंडावर पडलोय, ते सांगतो. कामाला लागून वर्षही झालं नव्हतं. ८० मि.मी. लांबीचा टेपर होता, मोठं टोक २४, टेपर १:२०. मी कोष्टकात कोन बघितला, दोन अंश बावन्न मिनिटं. कंपाउंड स्लाइड (टूल धरणारी, कोनात फिरवता येणारी लेथची सरकपट्टी) तेवढीच फिरवली आणि आरामात पास घेत, म्हणजे थर थर कापत, बसलो. लहान टोक मोजायचं मनातही आलं नाही, कोन बरोबर लावलाय म्हटल्यावर मोजायचं कशाला! शेवटी जॉबवर निळ्या रंगाची पातळ रेघ ओढून तो गेजमध्ये (टेपर तपासायच्या अचूक भोकाच्या मापात) घातला आणि अर्धा फेरा फिरवून बाहेर काढला. निळं फक्त मोठ्या टोकाला पुसलेलं, बाकी रेघ जशीच्या तशी. हाताने हलवलं तर आतलं टोक गेजमध्ये खडखडत होतं. मग व्हर्नियर लावला. लहान टोकाला २० यायला हवं होतं, आलं होतं १६. उस्तादांनी जॉब हातात घेतला, माझ्याकडे न बघता भंगाराच्या पेटीत टाकला आणि एवढंच विचारलं, "स्लाइड अक्षाच्या एका बाजूला चालते की दोन्ही बाजूंना?"

कोष्टकातले २ अंश ५२ मिनिटं हा शंकूचा पूर्ण कोन होता. टूल मात्र अक्षाच्या एकाच बाजूने चालतं. जॉब फिरत असल्यामुळे दुसरी बाजू आपोआप तेवढीच कापली जाते. म्हणून स्लाइड अर्ध्या कोनातच फिरवायची असते, १ अंश २६ मिनिटं. मी पूर्ण कोन लावला, टेपर दुप्पट झाला आणि १:२० च्या जागी १:१० तयार झालं. धातू कमी कापला तर पुन्हा कापता येतो, जास्त कापला तर चिकटवता येत नाही.

तेव्हापासून निमुळता शब्द कानावर आला की माझ्या डोक्यात पहिला प्रश्न येतो तो 'एका बाजूने की दोन्ही बाजूंनी?' पाचरीवर, टेपर कीवर जो आकडा असतो तो एका बाजूचा उतार असतो. टेपर कीवर बहुधा १:१०० असतो, म्हणजे १०० मि.मी. लांबीत जाडी १ मि.मी. कमी. टेपर पिनवरचा १:५० मात्र व्यासावरचा. ड्रॉइंगवर हा फरक चिन्हानेही दाखवतात. शंक्वाकृती टेपरच्या आकड्याआधी आडवा समद्विभुज त्रिकोण असतो आणि एका बाजूच्या उताराआधी काटकोन त्रिकोण. दोन्ही त्रिकोणांचं टोक ज्या दिशेला, तिकडे वस्तू निमुळती. तुमच्या ड्रॉइंगवर त्रिकोण कुठला आहे तो एकदा नीट बघा.

आकडा सारखा असून अर्थ वेगळा असण्याचा सगळ्यात मजेदार नमुना रेल्वेच्या चाकात आहे. रुळावर टेकणारा चाकाचा पृष्ठभाग सपाट नसतो, आतल्या काठाकडे मोठा आणि बाहेर लहान असा निमुळता असतो. आपल्याकडे त्याचा परंपरेने चालत आलेला आकडा १:२० च आहे. पण तो उतार अक्षाशी मोजलेला आहे, म्हणजे २० मि.मी. रुंदीत त्रिज्या १ मि.मी. बदलते आणि व्यास २. टर्नरच्या भाषेत तो १:१० झाला! रेल्वेतल्या माणसाने आणि टर्नरने एकमेकांना '१:२०' सांगितलं तर दोघंही बरोबर असतील आणि जॉब चुकेल. चाकं अशी निमुळती का, तर दोन्ही चाकं एकाच आसावर घट्ट बसवलेली असतात. वळणावर गाडी किंचित बाहेर सरकते, बाहेरच्या रुळावर चाकाचा मोठा व्यास येतो आणि आतल्या रुळावर लहान. बाहेरचं चाक तेवढ्याच फेऱ्यांत जास्त अंतर कापतं आणि गाडी आपोआप वळते.

मुळात वस्तू निमुळती करायचीच कशाला, हे कळलं की आकडे पाठ करावे लागत नाहीत. कारणं दोन, आणि ती एकमेकांच्या अगदी उलट. एक म्हणजे वस्तू पटकन सुटावी म्हणून. कुल्फीचा साचा निमुळता असतो, हातात जरा चोळला की कुल्फी घसरून येते. तो सरळ नळीसारखा असता तर कुल्फी शेवटपर्यंत घासत आली असती. कोल्हापूरकडच्या फाउंड्रीत वाळूत दाबायचा लाकडी पॅटर्न याच कारणाने किंचित निमुळता करतात, त्याला ड्राफ्ट म्हणतात. ड्राफ्ट नसेल तर पॅटर्न उचलताना वाळूची कड ढासळते.

दुसरं कारण, वस्तू घट्ट धरावी म्हणून. स्वयंपाकघरात स्टीलचे पेले एकात एक अडकून बसतात, आणि मग आतल्यात गार पाणी घालून बाहेरचा गरम पाण्यात धरावा लागतो. प्लास्टिकच्या बादल्या मात्र एकात एक घालून झटकन निघतात. पेल्याच्या कडा जवळजवळ उभ्या असतात, बादलीच्या जास्त तिरक्या. टेपरचा अर्धा कोन घर्षणकोनापेक्षा (उतार जेवढा झाला की त्यावरची वस्तू घसरू लागते त्या कोनापेक्षा) लहान असेल तर वस्तू स्वतःच अडकून राहते, मोठा असेल तर सुटते. तेलकट पोलादावर घर्षणांक ०.१ धरला तर हा कोन साधारण पावणेसहा अंश येतो.

आता वर्कशॉपमध्ये जा. ड्रिल मशीनमध्ये मोठं ड्रिल बसवतात ते मोर्स टेपरवर. स्टीफन मोर्स या अमेरिकन माणसाचं नाव त्याला आहे, ट्विस्ट ड्रिलचं पेटंट घेणारा तोच, साल १८६३. मोर्स टेपरही १:२० च्या आसपासच असतो, पण अगदी १:२० नाही. नंबर २ चा १:२०.०२०, नंबर ५ चा १:१९.००२. म्हणून 'विसाला एक धरून काढला मोर्स' असं करू नका, बसणार नाही. अर्धा कोन दीड अंशाच्या आसपास, त्यामुळे ड्रिल हाताने दाबून बसवलं तरी पक्कं राहतं. काढताना स्लीव्हच्या (ड्रिल ज्यात बसतं त्या नळीच्या) खाचेत ड्रिफ्ट घालून हातोडीचा एक ठोका द्यावा लागतो. ड्रिफ्ट म्हणजे दुसरं काय, पाचरच. एका निमुळत्याला काढायला दुसरं निमुळतं!

मिलिंग मशीनच्या स्पिंडलमधला (टूल फिरवणाऱ्या दांड्यातला) टेपर ७:२४ असतो, अर्धा कोन ८ अंश १८ मिनिटांच्या जवळ. तो स्वतः धरून राहत नाही, मागून ड्रॉबारने (लांब बोल्टने) ओढून धरावा लागतो. तसा तो मुद्दामच ठेवलाय, कारण तिथे टूल सारखं बदलायचं असतं आणि दर वेळी ठोकत बसायला कोणाला वेळ आहे?

अडकणाऱ्या टेपरचा सगळ्यात सुंदर वापर मी मिरजेला पाहिला. मिरजेच्या तंबोऱ्याला आणि सतारीला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. पण मी गेलो होतो त्याच्या कितीतरी आधी, एका स्नेह्याबरोबर त्याचा तंबोरा दुरुस्तीला घेऊन. तंबोऱ्याच्या खुंट्या निमुळत्या असतात आणि त्यांची भोकंही त्याच मापात निमुळती केलेली. आत ना स्क्रू, ना चावी, तारेचा सगळा ताण लाकडावर लाकूड घासून धरलेला. कारागिराने खुंटी काढली, खडू चोळला, परत घातली आणि फिरवता फिरवता आत दाबत गेला. सुटली तर तार उतरते, फार घट्ट बसली तर सूर लावताना हलत नाही, झटका देत सरकते. मग त्याने ती पुन्हा काढली आणि खडू भोकात कुठे घासलाय ते बघितलं. आमच्या निळ्या रंगाचं काम तिथे खडू करत होता.

आता तुमचा जॉब. त्रिकोण समद्विभुज असेल तर १:२० व्यासावरचा आहे. ६० मि.मी. लांबीत व्यास ३ ने कमी, लहान टोक २७. कंपाउंड स्लाइड १ अंश २६ मिनिटांवर. स्लाइडवरच्या खुणा अंशांच्या असतात, २६ मिनिटं तिथे अंदाजानेच लागणार, म्हणून शेवटच्या पासआधी थोडा माल ठेवून दोन्ही टोकं मोजा. फरक ३ च्या जवळ आला की गेजमध्ये निळं लावून बघा. मोठ्या टोकाला पुसलं तर कोन जास्त झालाय, लहान टोकाला पुसलं तर कमी. स्लाइडला हलकी टिचकी मारून पुन्हा एक बारीक पास घ्या.